छायालेखक जॉंग इल-सॉंग : कॅमेरा कधी हलवायचा नाही, हे जाणणारा माणूस

कृष्णधवल (धागाकर्ता)

२०२१ च्या एप्रिलमध्ये युन यो-जॉंग यांना ‘मिनारी’साठी सहायक अभिनेत्रीचं ऑस्कर मिळालं. भाषणात त्यांनी आपले पहिले दिग्दर्शक किम की-यंग यांचे आभार मानले. तो पहिला चित्रपट म्हणजे १९७१ चा ‘ह्वान्यो’. त्याच्या श्रेयनामावलीत छायालेखक म्हणून जे नाव आहे, तेच पुढे ‘मंडला’ (१९८१), ‘सॉप्यॉन्जे’ (१९९३), ‘चुनह्यांग’ (२०००) आणि ‘चिह्वासॉन’ (२००२) या चित्रपटांवरही दिसतं. ते नाव आहे जॉंग इल-सॉंग. आपल्याकडे कोरियन सिनेमावर भरपूर बोललं जातं, पण बहुतेक चर्चा बोंग जून-हो आणि पार्क चान-वूक या दिग्दर्शकांपासून सुरू होते आणि तिथेच थांबते. त्यांच्या कितीतरी आधीपासून पन्नास वर्षं ज्या माणसाने कॅमेऱ्यामागे काढली, त्याच्यावर मराठीत सविस्तर लिहायला हवं असं फार दिवस मनात होतं.

जॉंग यांचा जन्म १९२९ चा, टोकियोमधला. कोरिया तेव्हा जपानच्या ताब्यात होता. छायालेखक म्हणून त्यांचा पहिला चित्रपट १९५७ मध्ये आला. कोरियन युद्ध थांबून तेव्हा चारच वर्षं झाली होती. तिथून २००७ पर्यंत त्यांनी १३८ चित्रपट केले. हा आकडा ऐकून छाती दडपते, पण तो त्या काळाचाही आकडा आहे. साठ-सत्तरच्या दशकांत पार्क चुंग-ही यांच्या राजवटीत सिनेमाचा कायदा असा होता की परदेशी चित्रपट आणायचा परवाना हवा असेल तर देशी चित्रपट काढून दाखवावे लागत. परदेशी चित्रपटावर खरी कमाई, म्हणून देशी चित्रपट घाईघाईत उरकले जात. फिल्म मोजून मिळायची. आवाज नंतर डब व्हायचा. वर सेन्सॉरची कात्री. अशा कारखान्यात एखाद्याचा हात कायमचा बिघडू शकतो. जॉंग यांचा तयार झाला.

त्यात किम की-यंग यांचा वाटा मोठा. ‘ह्वान्यो’ ही त्यांच्याच १९६० च्या ‘हाउसमेड’ची नवी आवृत्ती. घरात मोलकरीण येते आणि संसार उद्ध्वस्त होतो. नव्या चित्रपटात बायको कोंबड्यांचा फार्म चालवते, नवरा संगीतकार. मूळ चित्रपट कृष्णधवल, हा रंगीत. आणि रंगीत म्हणजे कसा, तर एकाच खोलीत अर्ध्या चेहऱ्यावर लाल प्रकाश, अर्ध्यावर निळा. हा प्रकाश खिडकीतून येत नाही, दिव्यातून येत नाही, माणसांच्या डोक्यात जे शिजतंय तिथून येतो. १९७७ चा ‘इओदो’ही याच जोडीचा. जेजू बेटाजवळ बायकांचंच एक गाव, समुद्रात बुडालेल्यांच्या आत्म्यांचं दंतकथेतलं बेट, अंगात येणारी मांत्रिक बाई. त्यात समुद्र सुंदर दिसावा म्हणून एकही फ्रेम घेतलेली नाही. मला जॉंग यांच्या साऱ्या कामात ‘इओदो’ सर्वांत धारदार वाटतो.

म्हणजे हा माणूस मुळात संयमी कॅमेऱ्याचा नव्हता. दिग्दर्शक किम सू-यॉंग यांच्यासाठी त्यांनी ‘मानचू’ (१९८२) केला तेव्हा शरद ऋतूतला उदास, धुरकट प्रकाश दिला. ली दू-यॉंग यांच्या ‘शेवटचा साक्षीदार’ (१९८०) मध्ये एक पोलीस हिवाळ्यात खेडोपाडी भटकतो, तिथला चिखल आणि बर्फ पडद्यावरून अंगावर येतो. तो चित्रपट सेन्सॉरने छाटून टाकला होता, बऱ्याच वर्षांनी जोडून परत उभा केला.

मग दिग्दर्शक इम क्वोन-टेक. दोघांचं एकत्र काम १९७९ च्या ‘सिन्गुंग’पासून सुरू झालं. त्यानंतर जॉंग यांना कर्करोग झाला, शस्त्रक्रिया झाली. त्यातून उठून त्यांनी ‘मंडला’ केला. दोन बौद्ध भिक्षू, एक नेमधर्म पाळणारा तरुण, दुसरा दारू पिणारा, बायकांकडे जाणारा, तरीही बुद्धाचाच शोध घेणारा. हिवाळ्यातल्या उजाड रस्त्यावरून एक बस येते, नाक्यावर थांबते, तपासणी होते आणि त्यातच या दोघांची गाठ पडते. माणसं फ्रेममध्ये लहान, रस्ता आणि आभाळ मोठं. ‘ह्वान्यो’ करणारा तो हाच माणूस, यावर विश्वास बसत नाही.

‘सॉप्यॉन्जे’मधला तो प्रसिद्ध शॉट बहुतेकांनी तुकड्यात तरी पाहिला असेल. यूबॉंग हा फिरता पान्सोरी (ढोलाच्या साथीने गाऊन सांगायचं कोरियन आख्यान) गायक, त्याने वाढवलेली मुलगी सोंगह्वा आणि मुलगा दोंगहो. तिघं चॉंगसान्दो बेटावरच्या दगडी बांधांच्या कच्च्या वाटेने चाललेत. लांबवर ठिपक्याएवढे दिसतात. बाप ‘जिन्दो आरिरांग’ म्हणायला लागतो, मुलगी उत्तर देते, कडवं कडव्याला भिडतं. मुलगा आधी घुम्यासारखा मागे चालतो, मग त्याचा ढोल बोलायला लागतो. चालण्याचं नाचणं होतं. ते जवळ जवळ येतात आणि फ्रेमबाहेर निघून जातात. पाच मिनिटांहून जास्त वेळ एकच शॉट, कॅमेरा जागचा हलत नाही.

विचार करा, इथे काय काय करता आलं असतं. मुलगी गाते तेव्हा तिचा क्लोजअप, ढोलावर पडणारा हात, बाजूने ट्रॉली, वरून क्रेन. यातलं काहीही केलं असतं तरी गाणं तुटलं असतं आणि पाहणाऱ्याला कळलं असतं की कोणीतरी आपल्याला दाखवतंय. इथे ती माणसं त्यांच्या पायांनी आपल्यापर्यंत येतात. त्यांना यायला जितका वेळ लागतो तितका वेळ शॉट चालतो. संपूर्ण चित्रपटात ही तीन माणसं एकत्र सुखात असल्याची जवळजवळ एवढीच वेळ आहे, आणि ती न कापता दिली आहे. स्थिर कॅमेरा म्हणजे आळशी कॅमेरा समजणाऱ्यांनी हा शॉट पुन्हा पाहावा. तीन माणसांचं अंतर, वळण, वाट फ्रेममध्ये कुठून शिरते आणि कुठे सुटते, हे आधी पक्कं ठरवल्याशिवाय असा शॉट उभाच राहत नाही.

‘सॉप्यॉन्जे’ हा केवळ सोल शहरात दहा लाखांवर प्रेक्षक मिळवणारा पहिला कोरियन चित्रपट ठरला. त्याच वर्षी शांघायच्या पहिल्या महोत्सवात इम यांना दिग्दर्शनाचं आणि सोंगह्वा झालेल्या ओ जॉंग-हे यांना अभिनयाचं पारितोषिक मिळालं. पुढे ‘चुनह्यांग’ हा कान महोत्सवाच्या स्पर्धा विभागात निवडला गेलेला पहिला कोरियन चित्रपट. ‘चिह्वासॉन’साठी २००२ मध्ये इम यांना कानला सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचा मान मिळाला. छायालेखकाचं नाव या बातम्यांमध्ये खाली कुठेतरी असतं.

पान्सोरीची जाण असलेल्यांनी आणि कॅमेऱ्यातल्या लोकांनी भर घालावी.

---

मंद्रसप्तक

उत्तम धागा. पान्सोरीबद्दल थोडं लिहिते, कारण ते कळल्याशिवाय या शॉटचं मोल पुरतं लागत नाही.

एक गायक आणि एक ढोलवाला, बस. गायकाच्या हातात पंखा. तो गातो, मध्येच गद्यात गोष्ट सांगतो, सगळी पात्रं स्वतःच होतो. ढोलवाला ‘ऑल्सिगू’ अशी दाद देत त्याला उचलून धरतो. प्रेक्षकही देतात. आपल्या कीर्तनकाराची पूर्वरंग-उत्तररंगातली ऐसपैस बैठक ज्यांनी अनुभवली आहे त्यांना हे लगेच ओळखीचं वाटेल. पूर्ण आख्यान गायला कित्येक तास लागतात. आज पाचच मोठी आख्यानं शिल्लक आहेत, आणि २००३ मध्ये युनेस्कोने या कलेची दखल घेतली.

चित्रपटाचं नाव एका शैलीचं आहे. सॉम्जिन नदीच्या पश्चिमेकडची ती सॉप्यॉन्जे, आवाज घोळवणारी, दुःखाकडे झुकणारी. पूर्वेकडची दोंगप्यॉन्जे अधिक ठाशीव. ओ जॉंग-हे या अभिनेत्री म्हणून नव्हत्या घेतलेल्या, त्या मुळात गायिका. थोर गायिका किम सो-ही यांच्याकडे शिकलेल्या. यूबॉंगचं काम करणारे किम म्यॉंग-गॉन यांनीही हे गाणं रीतसर शिकलेलं आहे, आणि पटकथाही त्यांचीच. म्हणून कॅमेरा पाच मिनिटं रोखून ठेवता आला. ओठ हलवणारे नट असते तर कुठल्याही छायालेखकाला कापावंच लागलं असतं.

एक मात्र लक्षात घ्या, त्या शॉटमधलं गाणं पान्सोरी नाही, लोकगीत आहे. जिन्दो हे त्याच मुलखातलं बेट. त्याला गुरू लागत नाही, शिस्त लागत नाही. मुलीवर सतत रियाजाचा जाच करणारा बाप इथे पहिल्यांदा रियाजाबाहेरचं गातो, आणि तिघंही मोकळे होतात. कॅमेराही इथेच त्यांना न कापता मोकळं सोडतो, हा योगायोग वाटत नाही.

---

एफ_आठ

कॅमेऱ्याच्या बाजूने भर घालतो. ३५ मिमी फिल्म सेकंदाला २४ फ्रेम या वेगाने मिनिटाला ९० फूट खाते. नेहमीचं ४०० फुटांचं मॅगझीन (कॅमेऱ्यावरचा फिल्मचा डबा) जेमतेम साडेचार मिनिटं पुरतं. म्हणजे हा शॉट त्या मॅगझीनवर घेताच येत नाही, १००० फुटांचंच लावावं लागतं. आणि एक टेक फसला की पावणेपाचशे फूट फिल्म पाण्यात. नट परत चढावर जाणार, पुन्हा उतरणार, तोपर्यंत प्रकाश सरकलेला. डिजिटलच्या जमान्यात शॉट लांबवणं सोपं झालंय, तेव्हा नव्हतं. हे ठरवताना दिग्दर्शकाइतकाच छायालेखकाचाही जीव टांगणीला लागतो.

दुसरं म्हणजे लेन्स. लांबून येणारी माणसं दाखवताना टेलिफोटो लावायचा मोह होतो, कारण ती लगेच मोठी दिसतात. पण टेलिफोटोत अंतर चेपलं जातं. माणूस चालतोय पण पुढे येत नाही असं वाटतं. या शॉटमध्ये ती खरोखर वाट तुडवत येतात हे जाणवतं, अंतर अंतरासारखं दिसतं. वाटेची वळणंसुद्धा कामाला लावली आहेत. वळणावर तिघांची रांग बदलते, कधी बाप झाकला जातो, कधी मुलगा पुढे दिसतो. ट्रॉलीने जे साधलं असतं ते जमिनीकडूनच करून घेतलंय.

आणि फोकस. कृष्णधवल, तुम्ही कॅमेरा हलत नाही म्हणालात, बरोबर. पण ठिपक्यापासून अंगावर येईपर्यंत माणसं स्वच्छ ठेवायची म्हणजे फोकस ओढणाऱ्या सहायकाचं काम किती असेल. त्याचं नाव कुणी घेत नाही, म्हणून इथे लिहिलं.

---

कृष्णधवल

@एफ_आठ, मॅगझीनचा हिशोब माहीत नव्हता, मजा आली. पैशाची बाजू निघालीच आहे तर निर्मात्याचं नाव घ्यायला हवं. ली टे-वॉन, थेहुंग पिक्चर्सचे. इम, जॉंग आणि ली हे त्रिकूट कोरियात प्रसिद्ध आहे. ‘जनरलचा मुलगा’ (१९९०) या मारामारीच्या चित्रपटाने सोलमध्ये तिकीट खिडकीचे विक्रम मोडले. तो मुळात कसा निघाला? इम यांना जो जॉंग-रे यांच्या ‘थेबेक पर्वतरांग’ या कादंबरीवर चित्रपट करायचा होता. विषय कोरियाच्या फाळणीच्या काळातल्या डाव्या-उजव्या रक्तपाताचा, सरकारला तो नको होता. तेव्हा ली यांनी मधल्या काळात हा धंद्याचा विषय पुढे केला. तो चालला. मग ‘सॉप्यॉन्जे’ आला, आणि १९९४ मध्ये ‘थेबेक’ही झाला. तिन्ही जॉंग यांनी चित्रित केले. पान्सोरीवरचा चित्रपट चालेल अशी बाजारात कुणाचीही अपेक्षा नव्हती, तरी ली यांनी पैसे घातले. २०२१ मध्ये ते गेले. छायालेखकाला पाच मिनिटांचा शॉट घेता येतो, त्यामागे असा कुणीतरी निर्माता उभा असतो.

@मंद्रसप्तक, ‘चुनह्यांग’वर तुम्ही लिहाच.

---

मंद्रसप्तक

लिहिते. ‘सॉप्यॉन्जे’मध्ये गाणं चित्रपटात आहे, ‘चुनह्यांग’मध्ये चित्रपट गाण्यात आहे. रंगमंचावर चो सांग-ह्यॉन हे ज्येष्ठ गायक प्रेक्षकांसमोर आख्यान गात आहेत, आणि त्यांच्या आवाजावर गोष्ट पडद्यावर घडते. मध्येच परत रंगमंच, दाद देणारे प्रेक्षक, पुन्हा गोष्ट.

नायकाचा नोकर बांगजा नायिका चुनह्यांगला बोलवायला धावत निघतो तो भाग पाहा. गाणं द्रुत लयीत, शब्दांचा नुसता भडिमार. बांगजाची पावलं, उड्या, वळणं त्या ढोलावर बसवली आहेत. कॅमेराही इथे धावतो. सात वर्षांपूर्वी जो कॅमेरा गाण्यासाठी थांबला होता तो इथे गाण्यासाठी पळतो. दोन्हीकडे हुकूम गाण्याचाच.

आणि दुसरं टोक. नवा अधिकारी चुनह्यांगला आपली रखेल व्हायला सांगतो, ती नकार देते, तेव्हा तिला दांड्याने मारतात. प्रत्येक फटक्याच्या आकड्यावर ती एक कडवं रचते. एक म्हटलं की एकनिष्ठा, दोन म्हटलं की दोन नवरे न करणं, असं वर चढत जातं. इथे लय ठाय. गायकाचा आवाज फाटेपर्यंत जातो. मला हा भाग एका बैठकीत पाहवला नव्हता.

---

सुमेधा_न

चर्चा फार छान चालली आहे, पण मला एक खटकतं आणि ते लिहिते. ‘सॉप्यॉन्जे’मध्ये बाप मुलीला औषधातून विष देऊन आंधळी करतो. का, तर तिने सोडून जाऊ नये आणि दुःखाने तिचा आवाज पिकावा. चित्रपट त्याला पूर्ण राक्षस ठरवत नाही. मुलगी शेवटी त्याला क्षमा केल्यासारखी वागते. आणि हे सगळं अतिशय देखण्या फ्रेममध्ये येतं, बर्फ, डोंगर, जुनी घरं. बाईच्या वाट्याची हिंसा निसर्गाच्या सौंदर्यात विरघळवून गोड करण्यात छायालेखकाचाही हात नाही का? ‘मंडला’ मला मनापासून आवडतो, म्हणून हा प्रश्न अधिक टोचतो.

---

कृष्णधवल

@सुमेधा_न, प्रश्न रास्त आहे आणि कोरियातही तो विचारला गेला आहे. माझं मत सांगतो.

चित्रपट बापाच्या कृत्याला कलेसाठीचा त्याग म्हणून मिरवतो असं मला वाटत नाही. शेवटाकडे भाऊ अनेक वर्षांनी आंधळ्या बहिणीला शोधून काढतो, ओळख न देता तिला गायला सांगतो, स्वतः ढोल घेतो. ती गाते ते ‘सिमचॉन्गा’. त्या आख्यानात मुलगी आंधळ्या बापाला दृष्टी मिळावी म्हणून स्वतःला समुद्राला अर्पण करते आणि शेवटी बापाचे डोळे उघडतात. इथे बापाने मुलीचे डोळे घालवले आहेत. हे आख्यान तिथे निवडणं हाच चित्रपटाचा बापावरचा आरोप आहे असं मी मानतो. सकाळी दोघं ओळख न देता वेगळे होतात. कुणाचेही डोळे उघडत नाहीत.

पण फ्रेम देखण्या आहेत, हे खरं. त्यातल्या काही मला कॅलेंडरच्या वाटतात. ‘चिह्वासॉन’मध्ये तर जास्तच. तो चित्रकार जांग सुंग-ऑप याच्यावरचा चित्रपट, म्हणून प्रत्येक फ्रेम चित्रासारखी नीट लावलेली, आणि चोई मिन-सिक यांचा दारुडा, बेभान चित्रकार त्या नीटनेटकेपणात मला कधी कधी अडकल्यासारखा वाटतो. ‘इओदो’च्या छायालेखकाने हा चित्रकार केला असता तर, असं मनात येतं. छायालेखक तोच आहे, पण पंचवीस वर्षं आणि दुसरा दिग्दर्शक मध्ये आहे.

---

सुमेधा_न

‘सिमचॉन्गा’चा संदर्भ माहीत नव्हता, त्याने चित्र बरंच बदलतं. तरी बर्फातली ती फ्रेम मला खुपणारच. दोन्ही गोष्टी बरोबर असू शकतात. ‘ह्वान्यो’ आता नक्की बघते, लाल-निळ्या प्रकाशात हिंसा लपत नसावी.

---

हानकाठ

मी सोलमध्ये नोकरीला आहे. चॉंगसान्दोला एप्रिलमध्ये गेलो होतो. वान्दोहून बोटीने साधारण पाऊण तासाच्या पुढे लागतो. ती वाट आता पर्यटकांची झाली आहे. दोन्ही बाजूंना पिवळी मोहरीसारखी फुलं आणि हिरवं बार्ली, लाउडस्पीकरवर गाणी, नव्या जोडप्यांचे फोटो. बेट ‘सावकाश शहरां’च्या जागतिक यादीत आहे आणि एप्रिलमध्ये तिथे हळू चालण्याचा उत्सवच असतो.

एफ_आठ यांनी वळणांबद्दल लिहिलंय ते तिथे उभं राहिलं की पटतं. वाट सरळ उतरत नाही. खालच्या टोकाला उभे राहून वर पाहिलं की माणसं एका बांधाआड जातात आणि दुसऱ्या बांधाकडून परत दिसतात. दगडी बांध कमरेएवढे, म्हणून कमरेवरचा भाग झाकला जात नाही, पाय तेवढे झाकले जातात. कॅमेऱ्यासाठी रचल्यासारखी जागा आहे, पण ती गावकऱ्यांनी शेतातले दगड वेचून केलेली.

इथल्या माझ्या वयाच्या सहकाऱ्यांना ‘सॉप्यॉन्जे’ शाळेत दाखवलेला आठवतो, छायालेखकाचं नाव कुणालाच सांगता आलं नाही. त्यांच्या पालकांच्या पिढीला मात्र थिएटरच्या रांगा आठवतात. बुसान महोत्सवाने २०१९ मध्ये जॉंग यांच्या कामाचा खास सिंहावलोकन विभाग ठेवला होता. दिग्दर्शकाऐवजी छायालेखकाला असा मान मिळणं इथेही दुर्मीळ.

---

मांडवीकाठ

गोव्याचा एक दुवा देतो. २०१६ च्या इफ्फीत पणजीला इम क्वोन-टेक यांना जीवनगौरव पुरस्कार दिला गेला होता, त्या वर्षी कोरियन सिनेमाचा खास विभागही होता. आमच्या रांगेतली चर्चा नव्या थरारपटांचीच होती, हे आज हा धागा वाचताना आठवलं. छायालेखकांना वेगळं बोलावून त्यांच्याकडून शॉट उलगडून घेण्याचे कार्यक्रम आपल्या महोत्सवांत अजून वाढायला हवेत. असे वर्ग विद्यार्थ्यांनी भरून जातात, हे मी पाहिलं आहे.

एक विचारायचं होतं. कोरियात प्रकाशयोजना छायालेखकच करतो का? आपल्याकडे तोच ठरवतो.

---

एफ_आठ

@मांडवीकाठ, चांगला प्रश्न. कोरियात जुन्या पद्धतीत प्रकाशयोजनाकार हा स्वतंत्र विभागप्रमुख असायचा, श्रेयनामावलीत त्याचं नाव छायालेखकाच्या बरोबरीने यायचं. ही घडण जपानी स्टुडिओंकडून आलेली. छायालेखकाकडे फ्रेम, लेन्स, हालचाल, दिवे दुसऱ्याकडे. त्यामुळे दोघांचं जमलं नाही तर एकाच चित्रपटात दोन चित्रपट दिसतात. ‘ह्वान्यो’तल्या रंगांचं श्रेय देताना म्हणूनच दिग्दर्शक, छायालेखक आणि प्रकाशयोजनाकार तिघांना धरावं. किम की-यंग तर प्रत्येक गोष्टीत स्वतः हात घालणारे.

---

अनवट

मी या प्रांतात नवखी आहे. ‘पॅरासाइट’ आणि दोन-चार मालिका एवढंच पाहिलंय. जॉंग यांचं काम कुठून सुरू करू? आणि मिळेल कुठे?

---

कृष्णधवल

@अनवट, कोरियन फिल्म अर्काइव्हचं यूट्यूबवर जुन्या चित्रपटांचं चॅनेल आहे, फुकट आणि इंग्रजी सबटायटल्ससकट. ‘मंडला’ आणि ‘सॉप्यॉन्जे’ तिथे आहेत.

‘पॅरासाइट’ आवडला असेल तर ‘ह्वान्यो’पासून सुरुवात करा. श्रीमंत घर, जिना, घरात शिरलेलं बाहेरचं माणूस, ही नाळ थेट किम की-यंग यांच्यापर्यंत जाते आणि ‘पॅरासाइट’चे दिग्दर्शक बोंग जून-हो यांनी ती स्वतः मान्य केली आहे. मग ‘मंडला’. तो घाईत पाहू नका, मोबाइलवर तर मुळीच नको, त्यात माणसं इतकी लहान आहेत की हरवतील. त्यानंतर ‘सॉप्यॉन्जे’ आणि ‘चुनह्यांग’ एकामागोमाग, मंद्रसप्तक यांचे प्रतिसाद वाचून. ‘इओदो’ शेवटी ठेवा, त्याचा शेवट सगळ्यांना झेपत नाही.

२००७ चा ‘चॉन्यॉनहाक’ राहिलाच. इम यांचा शंभरावा चित्रपट आणि दोघांचा एकत्र शेवटचा. ‘सॉप्यॉन्जे’तल्याच भावाबहिणीची पुढची गोष्ट, मूळ लेखक तेच यी चॉंग-जून, सोंगह्वा पुन्हा ओ जॉंग-हे. ली टे-वॉन या वेळी बरोबर नव्हते, निर्मिती रखडत झाली, प्रेक्षकही फारसे आले नाहीत. त्यात एक गाव आहे जिथे भरतीचं पाणी चढलं की डोंगराची सावली पाण्यात उडत्या करकोच्यासारखी दिसायची. बांध घालून पाणी अडवलं आणि करकोचा दिसेनासा झाला. ‘सॉप्यॉन्जे’ आधी पाहिलेला असेल तरच तो लागतो.

---

अनवट

‘मंडला’ काल रात्री टीव्हीवर लावून पाहिला. नाक्यावर बस थांबते आणि दारुड्या भिक्षूकडे ओळखपत्र नसतं म्हणून त्याला खाली उतरवतात, तिथेच मी चित्रपटात अडकले. तरुण भिक्षूचं काम करणारे आन सॉंग-की, हे १९६० च्या ‘हाउसमेड’मधला लहान मुलगा ना? श्रेयनामावली शोधताना तसं दिसलं.

---

कृष्णधवल

हो, तेच. घरातला तो लहान मुलगा. किम की-यंग यांच्याकडे बालकलाकार आणि वीस वर्षांनी इम यांच्याकडे भिक्षू. आता ‘ह्वान्यो’ बघाल तेव्हा त्याआधी ‘हाउसमेड’ही बघून घ्या. एकच जिना कृष्णधवल प्रकाशात आधी कसा वापरला होता ते कळलं की जॉंग यांनी रंगात काय केलं ते नीट दिसेल. पाहून झालं की इथे लिहा, एफ_आठ आणि मी दोघंही वाट बघतोय.